चौसष्ट चेहऱ्यांचं फोल्डर

अर्जुनी मोरगाव,
बुधवार

चि. इंद्रकुमार यास जिजाजी खुशालचे आशीर्वाद.

इकडे सगळे ठीक. धान कापून झाला, आईचे गुडघे तसेच, बाबांचा आवाज तसाच. तुझी बहीण रुचिका मजेत आहे आणि मी ती ठेवते तसा आहे. हैदराबादेत तुला जेवण बरं मिळते का, झोप होते का, हे तिने विचारायला सांगितलं म्हणून विचारून राहिलो. जिजाजी फोन सोडून पत्र काऊन टाइप करून राहिले, असं तुला वाटेल. तर फोनवर तू "हो जिजाजी", "बरं जिजाजी" एवढंच बोलतोस आणि बहिणीला द्या म्हणतोस. लग्नाला सहा वर्षं झाली, तुझ्या तोंडून तिसरं वाक्य मी ऐकलं नाही. (हे पत्र मधून गाळत वाचू नकोस. मी ओळखतो तुला.)

सगळी गडबड तुझ्या खेळाने केली आहे. फावल्या वेळात बनवलेला तो ‘पाळीवरचं गाव’ तू दिवाळीत पाठवलास. चित्र येते, खाली पट्टीत संवाद येते, वाचत जायचं आणि मधे मधे पर्याय निवडायचा. मारामारी नाही, गाड्या नाहीत, त्यामुळे बाबा पाच मिनिटांत झोपले. पण आईने त्यात स्वतःला पाहिलं आणि कामच झालं. तू तिला दहा वर्षं लहान आणि वीस किलो हलकी काढली आहेस. (बहिणीच्या सासूची एवढी सेवा कायले, हे तेव्हाच माझ्या डोक्यात यायला पाहिजे होतं.) आता या रविवारी माझ्या बहिणीला, डिंपलला, पाहायला देवरीचे पाहुणे येऊन राहिले. पोरगा चांगला आहे म्हणतात, घरी शेती आहे, आणि आमची डिंपल हो म्हणत नाही न् नाही म्हणत नाही, नुसती "येऊ द्या" म्हणते. तर पाहुणे बैठकीत बसतील तेव्हा भिंतीवर आपला तोच फोटो पाहिजे, असा आईचा हट्ट. स्क्रीनशॉट काढला तर कमरेखाली संवादाची पट्टी, आणि पट्टीवर लिहून, "चहा घेतल्याबिगर जायचं नाही." आई म्हणाली, मले पायापर्यंत पाहिजे.

मग मी खेळ फोडायला बसलो. ऑनलाइन सेंटर चालवतो मी, दिवसाला पन्नास सातबारे काढतो, एक फोटो काढायला काय लागते. तर तुझ्या खेळाच्या फोल्डरात एकच जाडजूड फाईल. आत सगळं कोंबलेलं, बाहेरून गाठ. डबल क्लिक केलं की कॉम्प्युटर मलाच विचारते, हे कशाने उघडू. शेवटी इंटरनेटवरून असं गाठोडं सोडायचं एक सॉफ्टवेअर उतरवलं, बटण दाबलं, आणि दोन हजार तीनशे अठरा फाईली धडाधडा स्क्रीनवर पसरल्या. त्या पसाऱ्याखाली सुखराम काकांचा धान नोंदणीचा अर्धा भरलेला फॉर्म गडप झाला. काका समोरच बसून होते. त्यांनी चष्मा लावला आणि माझ्यासोबत शोधायला लागले, फॉर्म नाही, आईला.

आई सापडली, पण तिला चेहरा नव्हता. लुगडं बरोबर, बांगड्या बरोबर, पदर खोचलेला, आणि चेहऱ्याच्या जागी नुसता गव्हाळ रंग, पुरीसारखा. आता मला कोणी सांगितलं होतं का, की अशा खेळात धड एकीकडे ठेवतात आणि चेहरे दुसरीकडे, म्हणजे एकाच धडावर रागाचा, हसण्याचा, रडण्याचा असे बदलता येतात? मी घाबरलो. काका म्हणाले, "काही नाही रे, नाकडोळे आन दुसरीकून." मी आणले. बसवले. बरोबर बसले आहेत का पाह्य म्हणून रुचिकाला पाठवत होतो, तो फोटो घरच्या ग्रुपवर गेला, जिथं सोळा लोकं आहेत. आणि ते नाकडोळे बाबांचे होते. मिशांसकट. आई दोन दिवस माझ्याशी बोलली नाही. बाबांनी मात्र तो फोटो मोबाईलमधे ठेवला आहे आणि येईल त्याला दाखवतात.

तरी मी हरलो नाही. आईचे चेहरे शोधायला एकेक फोल्डर उघडत गेलो आणि घरातली आपली किंमत मला कळली. बाबांना तीन चेहरे दिले आहेस: रागावलेले, जास्त रागावलेले, झोपलेले. आईला पाच. तुझ्या सख्ख्या बहिणीला चार. आणि मला, मुर्रीला तुमच्या घरी ज्याचे पाय धुतात त्या जावयाला, एकच. तोही दात काढून हसतानाचा. नायकाला तर एकही नाही, पण तो म्हणजे तूच, तू कुठं कोणाला दिसतोस. मग एक फोल्डर दिसलं, नाव नुसतं ‘डी’. आत चौसष्ट चेहरे.

इंद्रकुमार, खेळात एक पोरगी दुसऱ्या भागात सायकलवरून तलावाच्या पाळीने जाते. पाठमोरी. एक शब्द बोलत नाही. तिचे तू चौसष्ट चेहरे काढून ठेवले आहेस? हसणारा, हसू येऊन राहिलेला, हसू दाबलेला. चिंच खातानाचा. उन्हात डोळे बारीक केलेला. आणि ती आमची डिंपल आहे, डाव्या भुवईवरच्या लहानपणीच्या खोकेच्या वणासकट. सायकल तिने चार वर्षांआधीच शेजारच्या पोरीला देऊन टाकली, आता ती स्कूटीवर सेंटरला येते, तुझ्या फोल्डरात अजून सायकलच चालवून राहिली.

संवादांची फाईल पण उघडली. खेळात कुठंच न येणारा एक प्रसंग तिच्यात आहे. पाळीवर सायकल थांबते. पर्याय एक, ‘आज बोलतो’. पर्याय दोन, ‘उद्या बोलतो’. मी मोठ्या आशेने पहिल्याचा माग काढला, तर तो जाते ‘दुसरा दिवस’वर. दुसरा पर्यायही तिथंच जाते. दुसऱ्या दिवशी पुन्हा सायकल, पुन्हा तेच दोन पर्याय. अरे, खेळ तुझा, पोरगी तू काढलेली, तिचं उत्तर पण तूच लिहिणार, तरी तुला बोलायची हिंमत नाही?

मला समजते तुझं. पोरगी जावयाची बहीण, जावयाकडे मागायची कशी, तुझे बाबा, आमचे श्यामलाल मामाजी, काय म्हणतील. पण माझी पण अडचण समजून घे. आजपर्यंत जावई मी एकटा. मुर्रीला आलो की खुर्ची मला, पहिलं ताट मला, रुसायचा हक्क मला. तू आमचा जावई झालास तर खुर्ची मला उचलून आणावी लागेल, तुझ्यासाठी. लग्नात दोघंही एकाच वेळी रुसलो तर समजूत कोण काढेल, यावर मी दोन दिवस विचार करून राहिलो. उत्तर सापडलं नाही. तर तूर्तास एवढंच कर, आईचं पायापर्यंतचं चित्र तिच्या स्वतःच्या चेहऱ्यासकट पाठवून दे.

रविवारच्या आत कळावे.

तुझ्या बहिणीचा नवरा आणि अजून तरी दोन्ही घरं मिळून एकुलता एक जावई,
खुशाल

ता. क. चित्र नाही पाठवलं तरी चालते. तू ये. बल्लारशावरून गोंदियाची गाडी धर आणि शनिवारी संध्याकाळपर्यंत उतर, देवरीवाले रविवारी दहाला येतात. बाबांशी मी बोलतो. आईशी बोलायची गरज नाही, तुझ्या हाताने ती वीस किलो हलकी झाली आहे.

ता. क. २. एक खरं सांगून टाकतो. तुझं गाठोडं माझ्याने सुटलंच नव्हतं. मी फक्त मिशा लावल्या. फोडलं ते डिंपलने, आणि ‘डी’ फोल्डर तिने माझ्या आठ दिवस आधी पाहिलं होतं. मला दाखवलं नाही, उघडं ठेवून जेवायला गेली.

ता. क. ३. आता हे पत्र तिने माझ्या मागे उभं राहून वाचलं. त्या प्रसंगातला दुसरा पर्याय, ‘उद्या बोलतो’, तिने खोडला आहे, पहिल्याची ‘दुसरा दिवस’ची वाटही बंद केली आहे, खेळ पुन्हा बांधून सोबत पाठवून राहिली. नायकाला चेहरा नव्हता, तो पण तिने काढला. नाक जरा मोठं झालं आहे. एकच काढला. बाकीचे, म्हणते, समोर बसवून काढीन.