सुखदेवकाकांचं खरं वय

ढाणकी, ४ जून २००७, संध्याकाळ

बँकेने व्याजावर कर कापू नये म्हणून बुद्धविहारात आम्ही म्हाताऱ्यांचे फॉर्म फुकट भरून देतो. आज शाळेतले निवृत्त शिपाई सुखदेवकाका आले. वय विचारलं तर म्हणाले, "पासष्ट संपले. मास्तरनं दाखल्यावर दोन वर्षं कमी लावले, थे सोड." मला माझ्या बाबांनी घरीच पाटीवर शिकवलं, खरं तेच लिहायचं. मी खरं वय लिहिलं.

"काका, सहीच्या आधी वाचा न."

"तू वाचलं न पोरी? मंग मले कायले वाचाले लावतं?"

आत्ता लक्षात आलं. बँक दाखल्यावरचंच वय धरणार. म्हणजे ते त्रेसष्टचे, आणि हा फॉर्म पासष्टच्या पुढच्यांचा. सहीच्या वरच छापलंय, खोटी माहिती दिली तर तुरुंग. काकांनी फॉर्म लगेच बँकेत देऊनही टाकला. खरं लिहिलं तेच खोटं कसं झालं?

उद्या बँक उघडताच जाऊन सांगेन, चूक माझी. पण साहेब सही बघतील. अक्षर कोणाचं, हे त्या कागदावर कुठेच विचारलेलं नाही.