इस्त्री केलेला कोट

बाई, मॉस्कोत सगळे तुम्हाला तिथल्या रीतीने, तुमचं आणि वडिलांचं नाव जोडून हाक मारत. मी मनातल्या मनात बाईच म्हणायचे. तुम्ही जाऊन कितीतरी वर्षं झाली, तुमचा देशही नकाशावर उरला नाही, आणि मी मिशिगनमध्ये, ट्रॉयला, नवऱ्याच्या व्हिसावर राहते आहे. या व्हिसावर मला पगाराचं काम करता येत नाही. तुमची विद्यार्थिनी दिवसभर घरी बसून असते, हे सांगायचीही लाज वाटते.

चित्रपटांच्या स्टुडिओतल्या तळघरातल्या तुम्ही अजून दिसता. सेटच्या भिंतींपासून नटांच्या बटणांपर्यंत सगळं तुमच्या हातचं, आणि नवा कपडा कॅमेऱ्यासमोर जाऊ द्यायचा नाही. चहाच्या पाण्यात बुडवायचा, विटेने कोपरं घासायची, ओल्या खिशांत दगड भरून टांगून ठेवायचा, म्हणजे खिसे लोंबतात. नटाच्या अंगावर चढण्याआधी कपड्याने जगून घेतलं पाहिजे, असं म्हणायचात. मग एका चित्रपटातल्या शेतमजुरांच्या मळक्या सदऱ्यांवर मंजुरी देणाऱ्या सरकारी समितीचा माणूस घसरला. आपला मजूर असा दिसत नाही, सगळं धुऊन काढा, म्हणाला. तुम्ही ऐकलं नाहीत. श्रेयनामावलीतून तुमचं नाव गेलं आणि पुढची सगळी वर्षं तुम्ही मुलांच्या चित्रपटांसाठी सशांचे कान शिवलेत. मी तुमच्याकडे शिकायला आले तेव्हा तेच चालू होतं. ते कानही तुम्ही नवे राहू देत नव्हता.

यंदा महाराष्ट्र मंडळाच्या नाटकात एका गरीब मास्तरांचा सुती कोट माझ्याकडे आला. गॅरेजमध्ये कित्येक दिवस मी चहा, वीट, दगड, सगळं केलं. प्रयोगाला इथल्या एका थिएटरच्या कपडेपटाची प्रमुख येणार होती. तिला काम पटलं असतं तर थिएटरने माझ्यासाठी वर्क व्हिसा मागितला असता. न्यूयॉर्कचे टॉवर पडल्यापासून व्हिसाचं नावही कुणी काढू देत नाही. मला दुसरी वाट नव्हती.

नाटकाचे कपडे मंडळातल्या एका काकूंकडे ठेवले होते. प्रयोगाच्या दिवशी त्यांनी कोट हातात दिला.

"अगं, तू एकटी किती बघणार? हा तर काय मळला होता! मशीनला टाकला, कोपरं रफू केली, मग कडक इस्त्री. आता तू रिलॅक्स हो."

मी म्हणाले, "थँक्यू काकू."

भांडू कुणाशी, बाई? तुमच्यासमोर निदान समितीचा माणूस होता. माझ्यासमोर रफू करून डोळे लाल झालेल्या काकू होत्या. मास्तर लग्नाला निघाल्यासारखे रंगमंचावर आले.

नाटकानंतर त्या प्रमुखाने कोट उलटसुलट करून पाहिला. रफूचं फार कौतुक केलं. नोकरीचा विषय निघाला नाही. त्यांच्याकडे कपडे धुवायला, इस्त्रीला माणसं कमी पडतात, बिनपगारी व्हॉलंटियर म्हणून येशील का, एवढंच तिने विचारलं. तुम्ही असतात तर कात्री आपटून निघून गेला असतात. हे पत्र पाठवायला तुमचा पत्ता नाही ते बरंच आहे, कारण मी लगेच हो म्हणाले, आणि घरी येताना मला आनंद झाला होता.