माझ्या खोलीतले तीन खून

अल थुमामा, दोहा
१७ फेब्रुवारी १९८६

चि. श्याम यास विभाआत्याचे अनेक आशीर्वाद.

शुक्रवार, १४ फेब्रुवारी रोजी दुपारी चार वाजून वीस मिनिटांनी तू माझी बेअब्रू केलीस. तू तेव्हा रोममध्ये होतास, ही सबब चालणार नाही. तुझी तब्येत बरी असेल अशी आशा करते. माझी चार वाजून एकोणीस मिनिटांपर्यंत उत्तम होती.

तू पाठवलेली तुझ्या सिनेमाची कॅसेट इथल्या कस्टमवाल्यांनी तपासायला म्हणून तीन महिने ठेवून घेतली आणि चुंबनं पुसून परत दिली. (चार ठिकाणी पडदा काळा होतो. खून सगळे शाबूत आहेत.) शुक्रवारी माझ्या सुनेचं, शशिकलेचं, हळदीकुंकू होतं. सतरा बायका आल्या होत्या. हळदीकुंकवात विधवेला काम नसतं, म्हणून मला व्हिडिओपाशी बसवून वायरवाला रिमोट हातात दिला होता. मग मीही माझ्या भाच्याचं कौतुक आरंभलं. तू बहात्तर साली रोमला गेलास, दोन वर्षं सिनेमाच्या सेटसाठी प्लायवूडवर संगमरवर रंगवलास, मग दुसऱ्यांच्या हाताखाली नव्या भिंती बांधून त्यांचे पडके अवशेष केलेस (माझा लेक राजाभाऊ इंजिनिअर असल्यामुळे या सगळ्याला ‘सुतारकी’ म्हणतो, मी लक्ष देत नाही), आणि आता प्रॉडक्शन डिझायनर म्हणून तुझं एकट्याचं नाव पडद्यावर आलं, हे सगळं सांगितलं. नाव आलं तेव्हा मी सिनेमा थांबवून ते सर्वांना वाचायलाही लावलं. माझीच चूक.

गोष्ट एका म्हातारीची आहे. ती पेइंग गेस्ट ठेवते आणि सूपमध्ये विष घालून त्यांना मारते. चार वीसला कॅमेरा तिच्या खोलीत शिरला आणि शशिकला किंचाळली, “अगंबाई! आई, हे तर आपलं नाशिकरोडचं घर!”

होतंच. हिरव्या काचांची खिडकी माझी. आखूड पायाखाली पुठ्ठ्याची घडी घातलेलं टेबल माझं. दहा मिनिटं पुढे लावलेलं घड्याळ माझं. (मुख्याध्यापिकेला उशीर होऊन चालत नाही. खुनी बाईला कुठे वेळेवर पोचायचं होतं?) एकवीस वर्षं मी त्या भाड्याच्या घरात राहिले, त्यातली आठ वर्षं तुला सांभाळलं, ते तू माझ्या डब्यांमागे विषाची बाटली ठेवावीस म्हणून?

तेही मी सोसलं असतं. पण धूळ! फळ्यांवर बोटभर धूळ, कोपऱ्यात जळमटं, पडद्यांवर डाग. पडदे जुने दिसावेत म्हणून चहाच्या पाण्यात बुडवतात, असं तूच मागे लिहिलं होतंस. आमच्या कॉन्व्हेंटमध्ये सिस्टर बेनेडिक्टा पांढरे हातमोजे घालून कपाटांवरून हात फिरवायच्या. माझ्या कपाटावर त्यांचा मोजा कधी मळला नाही. तो तू इटलीत मळवलास.

शेजारची खतिजा राजापूरची आहे आणि तिला तोंड आहे. तिने सर्वांसमक्ष विचारलं, “मॅडम, ती बाटली खरंच बिस्किटांच्या डब्यामागे असायची?” नात हसत म्हणाली, “आजी, यू आर द विलन!” त्यानंतर मी केलेल्या तिळाच्या वड्या सोळा बायकांनी “घरी नेऊन खाऊ” म्हणत पर्समध्ये घातल्या. खतिजाने मात्र तिथेच खाल्ली, तीही पहिला तुकडा मला भरवून, दोन मिनिटं माझ्याकडे बघत बसून.

आणि ती दाराची चौकट. तुझ्या प्रत्येक वाढदिवसाला तुला चौकटीला पाठ लावून उभं करून मी पेन्सिलीने खूण करायची. तुझ्या सिनेमातला इन्स्पेक्टर त्या खुणा भिंगातून बघतो आणि जाहीर करतो की ही शवपेट्यांची मापं आहेत! तुझी दहाव्या वाढदिवसाची खूण हे एका बुटक्या पोस्टमनचं माप ठरलं.

तेव्हा माझी मागणी अशी की तू माझी लेखी माफी मागावीस आणि यापुढे माझ्या खोलीत कुठल्याही गुन्हेगाराला ठेवू नयेस. एखादी सज्जन शिक्षिका चालेल.

तुझी (अजून तरी)
विभाआत्या

ता. क. : चुका नीट टिपून घ्याव्यात म्हणून मी सिनेमा आणखी सहा वेळा पाहिला. खुनांच्या वेळी पुढे ढकलते. खोली आली की थांबवते. शशिकला म्हणते, टेप घासून जाईल. मी निवृत्त झाल्यावर इकडे आले आणि मालकाने ते घर पाडलं, हे तुला कुणी कळवलं होतं का? तिथे आता झेरॉक्सचं दुकान आहे. इथे माझ्या खोलीला खिडकी आहे, पण तिच्यात एसी बसवलाय.

आणखी ता. क. : तेराव्या वाढदिवसाला तू गुपचूप टाचा उचलल्या होत्यास, म्हणून ती खूण अर्धा इंच वर पडली आणि चौदावी जवळजवळ तिला चिकटली. मला तेव्हाच कळलं होतं. मी बोलले नाही. तुझ्या खोट्या चौकटीवरही ती अर्धा इंच वरच आहे. हे मी धुळीच्या खात्यातून वजा करते.

शेवटचं : सेट अजून स्टुडिओत आहे, पुढच्या महिन्यात मोडणार, असं तू गेल्या पत्रात लिहिलंस. मोडू दे. ती चौकट मात्र मला हवी. माझ्या इथल्या दाराची उंची सहा फूट आठ इंच, रुंदी तीन फूट. मी राजाभाऊच्या टेपने मोजली आहे. बसत नसेल तर नुसती भिंतीला टेकवून ठेवीन. विमानकंपनीच्या भरवशावर ती पाठवायची नाही, स्वतः घेऊन यायचं. शेवटची खूण सासष्ट सालची आहे. त्यानंतर तू किती वाढलास याचा माझ्याकडे कसलाही पुरावा नाही. टाचा जमिनीवर ठेवायच्या. पेन्सिल मी टोक करून ठेवली आहे. येण्याची तारीख लेखी कळव, ३१ मार्चच्या आत, माझ्या घड्याळाप्रमाणे.