स्क्रिव्हनसाहेबांचं हसणं

३ फेब्रुवारी १९६९, सोमवार
नाव माझंच! दिग्दर्शक जेराल्डने आज फिल्मच्या डब्यावर खडूने लिहिलं — संकलन : इनिड गार्थ. अकरा वर्षं लंडनच्या या खोल्यांत दुसऱ्यांच्या फिल्म जोडल्या, हरवलेल्या पट्ट्या हुडकल्या, चहा केला. आता ही माझी. हल बंदरातून गेलेल्या आणि परत न आलेल्या मासेमारी बोटीवरचा माहितीपट. एकोणीस माणसं बुडाली. ११ मार्चला टीव्हीवर.

मी त्याच बंदरावरची, हे दिग्दर्शकसाहेबांना सांगितलेलं नाही. माझे बाबा बुडाले ती बोटही याच स्क्रिव्हन मालकाची होती — ते तर नाहीच.

६ फेब्रुवारी
रिळं पाहिली. मिसेस स्टॉथर्ड — नवरा त्या बोटीवर स्वयंपाकी होता — स्क्रिव्हनच्या ऑफिसात, कोट न काढता, खुर्चीच्या कडेवर बसलेली. विचारते, "वायरलेस बिघडलाय हे ठाऊक असताना बोट सोडलीत कशी?" स्क्रिव्हन गप्प. सिगारेटच्या राखेची बशी इकडची तिकडे सरकवतो. रीळ संपतं.

आठ वेळा पाहिलं. जेवायचं राहून गेलं.

१० फेब्रुवारी
जेराल्डला दुसऱ्या रिळात स्क्रिव्हन हसताना सापडला. दिवे लावताना कॅमेरावाल्याची टोपी पडली, त्यावर. पार दात दिसेपर्यंत!
"हे तिच्या प्रश्नानंतर लाव."
"तो टोपीला हसलाय."
"बघणाऱ्याला कुठे दिसतेय टोपी?"
"मला दिसतेय ना!"
"बाईसाहेब, पहिलीच फिल्म आहे. शेवटचीही होऊ शकते."
दार आपटून गेला.

११ फेब्रुवारी
खोलीत एकटीच होते. लावून पाहिलं. अंगावर काटा आला — इतकं बरोबर बसलं! पुन्हा पाहिलं. मग काढलं, ती पट्टी खुंटीला टांगली. हे खोटं मी बाबांसाठी केलं असतं. म्हणूनच नाही करायचं.

१६ फेब्रुवारी, रविवार
हलमध्ये, घरी. आई बटाटे सोलत होती. सगळं सांगितलं.
"लाव की! दिसू दे सगळ्या देशाला, कसा आहे मेला!"
"आई, तो तेव्हा हसला नव्हता."
"तीस वर्षं हसतोच आहे आपल्याला." सुरी ठेवली. "एवढी शिकलीस कशाला मग? त्याची बाजू घ्यायला?"
परतीच्या गाडीत रडले. तरीही नाही.

२० फेब्रुवारी
सापडलं! काहीच लावायचं नाही. तिचा प्रश्न, मग त्याचा चेहरा, ती बशी — रीळ संपेपर्यंत तसंच. बावीस सेकंद. सगळे म्हणणार, फार लांबलं. लांबू दे.

२४ फेब्रुवारी
जेराल्डला दाखवलं. "नाही पटलं तर काढून टाका मला. पण ते हसणं मी जोडणार नाही." त्याने पाईप पेटवायला काडी ओढली आणि धरूनच बसला. बोट भाजलं!
"हलकट आहेस तू," म्हणाला. "एक सेकंदही कापू नकोस."

११ मार्च
दाखवली. शेवटी माझं नाव — दीड सेकंद. आईचा फोन नाही.

१२ मार्च
दोन वर्तमानपत्रांनी त्या शांततेबद्दल लिहिलंय. जेराल्डची पुढची फिल्मही माझीच! सकाळी आईचा फोन — "त्या बशीकडे बघवेना गं मला." एवढंच. पुरे आहे. खरं तेच दाखवलं आणि जिंकले. याच वाटेने जायचं आता.

१३ मार्च
मिसेस स्टॉथर्डचा ऑफिसात फोन. फिल्म चांगली झाली म्हणाली, शेजारणी रडल्या. मग म्हणाली — "एक विचारू का, बाई? रीळ संपलं, तुमची माणसं नवीन आणायला गाडीकडे गेली, तेव्हा तो हसला. माझ्या तोंडावर. तेवढंच का हो कापलंत?"