दोन पाळ्यांची पोथी

सेक्टर ६, भिलाई
१५ फेब्रुवारी २०२४

चि. सुजय,

अनेक आशीर्वाद. सोनलचा खोकला गेला का? इथली थंडी आता पळून राहिली. शेवग्याले एवढ्या शेंगा लागल्या की येणाऱ्या-जाणाऱ्याले वाटून राहिले. फोनवरच सांगितलं असतं, पण तू मधातच बोलतो, अन् मंग माझं राहूनच जाते.

तू म्हणाला, आता एकटी राहू नको, पुण्याले चल, बाबांची हस्तलिखितं नागपूरच्या प्रकाशकाले पाठवून दे. तुझं बरोबर आहे. मी ती बांधूनही ठेवली होती. रोलिंग मिलच्या ऑफिसातून घरी येऊन ह्या माणसानं संतकथांवर टीकेचे दोन खंड लिहिले, नागपूरचे प्राध्यापक आपल्या व्हरांड्यात सतरंजीवर बसून ऐकून गेले. तिसराही होत आला होता, त्यातली शेवटची कथा तेवढी टीकेविना राहिली.

ती नांगऱ्याची कथा. कीर्तनात त्याचा डोळा लागते, अन् देव दारात उभा राहते. बाबा म्हणत, तो करंटा, देव आला अन् हा झोपला. मी स्वयंपाकघरातून म्हणायची, "अहो, दिवसभर नांगरून आला आहे तो." ते हसत. "मंग तूच लिही," म्हणत.

ते गेल्यावर, पोथी ऐकायले येणाऱ्या लोकांनी व्हरांड्यात मले वाचायले बसवलं. नुसती वाचीन, अर्थ सांगणार नाही, असं ठरलं. संध्याकाळी वाचलेलं सकाळी पुन्हा वाचायचं, म्हणजे कोणत्याच पाळीचा माणूस मुकत नाही, हा बाबांचाच नियम. पण सोमवारी पाळ्या बदलतात, संध्याकाळचे लोक सकाळी येतात, हे त्यांच्या ध्यानात राहे. माझ्या नाही राहिलं, बाप्पा! रविवारी संध्याकाळी ऐकलेली नांगऱ्याची कथा सोमवारी सकाळी त्याच लोकांसमोर पुन्हा सुरू केली.

कोक ओव्हनमधला धर्मेंद्र नाईट ड्युटी करून थेट आलेला, खांबाले टेकून झोपला होता. बाबा अशा वेळी आवाज चढवत. माझा आपोआप उतरला. शेवंता माहीत आहे नं, सुपेल्याच्या बाजारात भाजी विकते ती? ती हळूच म्हणाली, "काकू, हे काल झालं. पण थांबू नका. आता तुमाले काय वाटते ते सांगा."

अर्थ सांगायचा नाही असं ठरलं होतं. तरी बोलली. म्हटलं, "देव दारात काहून उभा आहे? त्याले उठवायले नाही. त्याची झोप कोणी मोडू नये म्हणून राखण करून राहिला."

 घरी जाताना शेजारच्या धनंजयनं स्कूटर सुरू केली नाही, रस्त्यापर्यंत हातानं ढकलत नेली. धर्मेंद्र ऊन अंगावर येईपर्यंत झोपला.

तेव्हापासून मी ती टीका लिहून राहिले, बाबांच्या मताच्या उलट. प्रकाशकाले पटते का नाही, कोण जाणे. भीती वाटते. पण सकाळी उठायची घाई होते, जी बाबा गेल्यापासून झालीच नव्हती.

तं सुजय, काढलेलं तिकीट रद्द कर. रागावू नको. मी येईन, पण पाहुणी म्हणून, खंड छापून झाल्यावर. त्याच्या आधी तूच ये. सकाळी व्हरांड्यात बस. झोप आली तं झोप, मी हळू वाचीन.

तुझी आई,
अन् तिसऱ्या खंडाच्या शेवटच्या कथेची टीकाकार,
गीता