बारवेतल्या सातजणी

२८ ऑक्टोबर, मंगळवार

आले एकदाची! वडवणीहून शेवटचे सात किलोमीटर जीपमध्ये औषधांचं खोकं मांडीवर घेऊन बसले होते, तरी मजा वाटली. उपकेंद्राची इमारत नवी आहे, मागची खोली माझी. खिडकीतून फुलोऱ्यातली तूर दिसते. आरोग्य अधिकारी म्हणून पहिल्याच दिवशी तेवीस पेशंट तपासले. घाटनांदूरला आईला फोन केला, तर ती म्हणते, दारं-खिडक्या नीट आहेत का ते सांग आधी.

इथली झाडलोट मुक्ताबाई करतात. सत्तरीच्या, काटक, एकट्याच राहतात. मी त्यांना मावशी म्हणते. रात्री त्यांनी बाजरीची भाकरी आणि शेंगदाण्याची चटणी आणून दिली. ताट रिकामं होईपर्यंत समोरून हलल्या नाहीत.

१ नोव्हेंबर

दोन दिवसांत गाव रिकामं झालं. भांडी, कोंबड्या, लेकरं घेऊन ट्रॅक्टर ऊसतोडीला गेले. माणसं आता उन्हाळा लागल्यावरच परततील. निघालेल्या गरोदर बायांना ट्रॉलीपाशी उभं राहून गोळ्या वाटल्या. मागे उरली म्हातारी माणसं आणि दारांवरची कुलपं.

५ नोव्हेंबर

नळ बंद पडला. सप्टेंबरच्या पुरात वाहून गेलेली पाइपलाइन कशीबशी जोडली होती, ती पुन्हा फुटली. आता पाणी जुन्या बारवेचं. गावाखाली ही दगडी पायऱ्यांची विहीर आहे, यंदा काठोकाठ भरलेली. आतल्या कोनाड्यात शेंदूर फासलेले सात दगड आहेत. मावशी म्हणाल्या, या साती आसरा, पाण्याच्या मालकिणी. त्या रोज सकाळी तिथे दहीभात ठेवतात. मला त्यांनी बजावलं, भर दुपारी तिकडे जायचं नाही आणि तिथे कुणी नाव विचारलं तर सांगायचं नाही.

मला हसू आलं. त्या हसल्या नाहीत.

१० नोव्हेंबर

आज मावशींचे गुडघे धरले होते. मीच दहीभात ठेवून यावं, म्हणाल्या. पण भात शिजवायलाच त्यांनी इतका वेळ लावला की मी निघाले तेव्हा बारा वाजून गेले होते.

खालच्या पायरीवर एक मुलगी धुणं धूत होती. एकोणीस-वीसची, हिरवं लुगडं, केस निथळणारे. डाव्या मनगटावर भाजल्याचा जुना डाग. उसाला कशी गेली नाहीत हिची माणसं, असं वाटलं. तिने नाव विचारलं. न सांगणं वेडेपणाचं वाटलं, म्हणून सांगितलं, रोहिणी. तिने ते दोनदा हळूच म्हणून पाहिलं. मग म्हणाली, "लई दिसांनी कुनी सांगितलं बघ."

वर येऊन वळून पाहिलं, तर पायरीवर धुणं नव्हतं, ती नव्हती, पायरीही कोरडी होती.

११ नोव्हेंबर

मावशींना सगळं सांगितलं. रागावतील असं वाटलं होतं. त्यांनी फक्त विचारलं, डाग कोणत्या हाताला? डाव्या, म्हटल्यावर त्या भिंतीला टेकून खाली बसल्या. त्यांची लेक कौसा बावीस वर्षांपूर्वी लग्नाच्या आदल्या दिवशी बारवेवर पाण्याला गेली. तीन इंजिनं लावून बारव उपसली, तरी सापडली नाही. पोळी उलटताना लहानपणी तिचा हात भाजला होता.

खूप रडल्या. मग माझा हात धरून विचारलं, "वाळली का गं माजी पोर?"

१४ नोव्हेंबर

तीन दिवस झाले. दुपारी नोंदवही लिहायला बसते आणि भानावर येते तेव्हा बारवेच्या तोंडाशी उभी असते. आज पायऱ्यांवर सातजणी बसल्या होत्या. एकीने माझे केस विंचरले. मी पाण्यात पाय घातला नाही, शपथेवर सांगते. तरी परतले तेव्हा डोक्यापासून भिजलेली होते.

१६ नोव्हेंबर

केस वाळत नाहीत. उन्हात बसले, पंख्याखाली बसले. गादी ओली, उशी ओली. थर्मामीटर माझा ताप दाखवतच नाही, आकडा येत नाही.

पारावरच्या आश्रुबा आजोबांना विचारलं. त्यांनी आधी माझे ओले केस पाहिले. "त्या सातच ऱ्हात्यात, म्याडम. नवी आली की एक सुटती. जिनं नाव इच्यारलं ती." मग आवाज खाली आणून म्हणाले, "तुमाला दुपारचं तितं धाडलं कुनी?"

मी मावशींचं नाव घेतलं नाही. का नाही घेतलं?

१८ नोव्हेंबर

मावशींना तोंडावर विचारलं. त्यांनी नाकारलं नाही. माझ्या पायांवर डोकं ठेवलं. म्हणाल्या, "पयल्यांदा तुमाला सांगितलं ते खरंच जीवापासून सांगितलं. पन गाव उठून गेलेलं. तुमी एकट्या दिसलात. बावीस वर्सं भात घातला, म्याडम. मी आय हाय."

बॅग उचलून निघाले. वडवणीचा रस्ता सरळ आहे, एकही फाटा नाही. तासभर चालले — समोर बारव.

पुन्हा निघाले. पुन्हा बारव.

आईला फोन लावला. तिला माझा शब्द ऐकू जाईना. ती विचारत राहिली, नळ चालू ठेवलायस का गं, नुसतं पाणी ऐकू येतंय —

२० नोव्हेंबर

मावशींच्या अंगणात कौसा. केस कोरडे. भाकरी कुस्करून खात होती, घाईने, दोन्ही हातांनी. माझ्याकडे पाहिलं आणि मान खाली घातली. मावशी तिच्या पाठीवरून हात फिरवत होत्या. मी हाक मारली. त्यांनी दार लावून घेतलं.

कौसाच्या अंगावर ते हिरवं लुगडं नव्हतं. माझ्या खोलीत होतं. घडी घातलेलं. ओलं.

२१ नोव्हेंबर, दुपार

खोलीत घोट्यापर्यंत पाणी. दाराखालून नाही — माझ्यातूनच —

दारात सहाजणी. ओढत नाहीत, नुसत्या उभ्या. घाई नाही त्यांना.

ही वही कुणाला सापडली तर एकच करा. घाटनांदूरला कळवा की रोहिणी गेली. मेली म्हणा. बारवेचं सांगू नका, नाव विचारण्याचं तर अजिबात नाही. माझी आई लई मायाळू आहे. तिला कळलं तर ती इथे राहायला येईल, आणि मग कुणाच्या तरी पोरीला दुपारी —