गुळगुळीत खिळे

१२ फेब्रुवारी १९७८, रविवार

दिवाळीनंतर वही आज उघडतो आहे. मधली पानं कोरी गेली त्याची माफी कुणाकडे मागायची? हे वाचणारा मीच, तेव्हा माझ्याचकडे. लिहिण्यासारखं काही घडत नाही असं वाटत होतं. बेचाळिसाव्या वर्षी असं वाटू लागणं बरं नव्हे.

आता घडलं आहे. परदेशी जाणाऱ्या टॉवेल-चादरींची लाकडी खोकी आमच्या कारखान्यात बनतात, आजवर हातोड्यानं. मालकांना आता खिळे मारायची हवेची बंदूक हवी आहे. मुंबईच्या व्यापाऱ्याची इंग्रजी पुस्तिका माझ्यापुढे टाकली. "गायकवाड, तुम्ही बी.एस्सी. कुठली बंदूक, कुठले खिळे, तुम्ही ठरवा. मी नुसती सही करणार."

खरं लिहायचं तर बरं वाटलं. अकरा वर्षांत माझी पदवी प्रथमच कुणाला आठवली.

१६ फेब्रुवारी, गुरुवार

पुस्तिका दोनदा वाचली. बंदुका दोन. लहान जी आहे ती बारीक, बिनडोक्याचे खिळे मारते. तसबिरीची चौकट, कपाटाची पट्टी यांना ठीक. खिळा दिसत नाही. खोक्याला निरुपयोगी. डोकंच नसेल तर फळी खिळ्यावरून सरळ निसटेल. मोठी डोक्याचे दोन इंची मारते. मोठीच घ्यायची. यात शंका नाही.

शंका खिळ्यांची. एक जात गुळगुळीत, दुसरीच्या अंगाला कंगोरे. कंगोरेवाला लाकडाला धरून बसतो, पण मागवल्यावर दोन महिने लागतील. गुळगुळीत लगेच मिळतात. मालकांना लगेच हवंय. म्हटलं, चाचणी घेऊन सांगतो.

२० फेब्रुवारी, सोमवार

व्यापाऱ्याचा माणूस नमुन्याची बंदूक घेऊन आला. आंब्याच्या फळ्या जोडून पाहिल्या. जंबुरानं खिळे उपसायचा प्रयत्न केला, वजनं टांगली. गुळगुळीत खिळे पक्के बसले.

शिवाप्पा बघत उभा होता. वळसंगचा. आमच्या चार ठोकणाऱ्यांत सगळ्यात जुना. मूठभर खिळे (तो मोळे म्हणतो) तोंडात धरतो, जिभेनं एकेक ओठावर आणतो, आणि दोन खिळे एकमेकांकडे कलते मारतो. आज त्यानं तोंडातले खिळे तळहातावर काढले, म्हणजे बोलणं महत्त्वाचं.

"सायेब, ही फळी मागल्या सालची हाय. वाळून खडंग. आपुन वखारीतनं आली की वलीच ठोकतो की."

"आंबा तो आंबा, शिवाप्पा."

"आन मोळा बी वला पायजे. थुकीनं गंजतो, मग धरतो. कोरडा मोळा म्हंजी पावना, कवाबी उटून जातोय."

व्यापाऱ्याचा माणूस हसला. मीही हसलो. कागदावर लिहिलं: फळी आंबा, जाडी एक इंच. ओली की वाळलेली ते लिहिलं नाही. ओल्या फळ्या आवारात होत्या, पण त्या माणसाला गाडी गाठायची होती.

६ मार्च, सोमवार

बंदूक आली. कॉम्प्रेसर दिवसभर घुरघुरतो. तोंड फळीवर दाबल्याशिवाय खिळा सुटत नाही, ही सोय चांगली. सकाळचं काम तासाभरात. मालक पाहुण्यांना घेऊन आले, दाखवून गेले. शिवाप्पाच्या हाती बंदूक दिली. बाकी तिघे करवतीकडे.

शिवाप्पा म्हणतो, "ही कसली बंदूक, सायेब. नुसती शिंकती."

करवतीवरचा हणमंतू ओरडला, "मामा, तोंड रिकामं झालं की! आता बोला काय तरी."

"बोलतो की. तीस वर्सं मालकाला शिव्या द्याच्या ऱ्हायल्यात. तोंडात मोळे व्हते म्हणून वाचला गडी."

सगळे हसले. मला ऐकू आलं नाही असं दाखवलं.

९ एप्रिल, रविवार

ऊन भयंकर. गेल्या सोमवारी एक प्रसंग घडला, लिहून ठेवतो.

शिवाप्पा बंदूकही कलती धरतो, सवयीनं. कलती धरली की तिचं तोंड नीट दाबलं जात नाही. खिळा बाजूनं बाहेर येतो. दोनचार फळ्या फुटल्या. मालकांनी पाहिलं. मी शिवाप्पाला सर्वांदेखत बोललो. यापुढे खिळा सरळ, एकही तिरपा नको.

"सरळ मोळा सरळच भायेर येतो, सायेब."

"मी सांगतो तसं करा."

"करतो की. तुमी सांगितल्यावर काय."

तेव्हापासून सगळे सरळ. मोजून बघावेत असे सुंदर.

३० मे, मंगळवार

मुंबई गोदीतून निरोप. आमची खोकी उतरवताना उघडली. फळ्या सुटल्या, टॉवेल जमिनीवर, ग्रीस लागलं. सगळी खेप नाकारली.

३ जून, शनिवार

तीन दिवस धीर झाला नाही. आज गोदामात राहिलेलं एप्रिलमधलं खोकं काढलं. लाकूड उन्हानं आक्रसलं आहे, खिळ्यांची डोकी वर आली आहेत. एक खिळा बोटांनी धरून ओढला. आला. जंबूर लागलाच नाही. आला तेव्हा जसा होता तसाच चकचकीत.

मग हातोड्याच्या काळातलं एक परत आलेलं खोकं शोधलं. त्याचा खिळा उपसताना फळीच फाटली. खिळ्यावर लाल गंज, लाकडाचे तंतू चिकटलेले.

विज्ञानाचा पदवीधर गोदामात बसून होता. ओलं लाकूड वाळताना आक्रसतं हे मला ठाऊक नव्हतं? होतं. कॉलेजात शिकलो होतो. शिवाप्पानं सांगितलं तेव्हा ते थुंकीच्या भाषेत होतं, म्हणून ओळखलं नाही.

खिळे मी निवडले. चाचणीची फळी मी निवडली. सरळ मारा असंही मीच म्हटलं.

५ जून, सोमवार

मालकांनी बोलावलं. लेखी अहवाल हवा, मुंबईला दाखवायला.

मी म्हणालो, "खिळ्यांची निवड चुकली. कंगोरेवाले घ्यायला हवे होते."

"म्हणजे मशीन वाईट?"

"मशीन नाही, खिळे. आणि माझी चाचणी."

मालक शांतपणे म्हणाले, "गायकवाड, चारचौघांना बोलावून दाखवलीय मी ती. अजून दोन घ्यायच्यात. आणि तो म्हातारा तिरपे मारत होता ते मी डोळ्यांनी बघितलंय. तुम्हीच नाही का झापलं त्याला?"

झापलं होतं.

"मग झालं तेच लिहा की. खोटं कुठं लिहायला सांगतोय?"

६ जून, मंगळवार

लिहिलं. जसंच्या तसं उतरवून ठेवतो: "श्री. शिवाप्पा यांनी सुरुवातीस काही खिळे तिरपे मारल्याचे आढळून आले. त्याबाबत त्यांना सर्वांसमक्ष समज देण्यात आली होती."

शब्दन् शब्द खरा आहे. चार वेळा वाचला, एकही शब्द खोटा सापडेना. खोटं बोलायचा हा प्रकार शिकलेल्यालाच जमतो.

खिळ्यांबद्दल एक ओळ घातली होती. मालकांनी पेन्सिलीनं खूण केली. स्वच्छ प्रतीत ती राहिली. म्हणजे राहून गेली. म्हणजे मी गाळली.

८ जून, गुरुवार

शिवाप्पाला काढलं. आज दुपारी हातोडा पिशवीत घालून माझ्या टेबलापाशी आला. मी खुर्ची पुढे केली, बसला नाही.

"मालक म्हनले, सायबांनी लिवलंय."

"हो."

"मग खरं असंल. तुमी शिकल्याले."

टोमणा असता तर बरं झालं असतं. तो खरंच स्वतःचं कुठं चुकलं ते आठवत होता. म्हणाला, "पयल्या म्हैन्यात चार-पाच तिरपे गेले व्हते, न्हाय असं न्हाय." हणमंतू दारातून म्हणाला, "मामा, चला. हितं काय मिळनार न्हाय." तो माझ्याकडे बघून बोलला.

घरी ताट तसंच ठेवून उठलो. सौ. म्हणाली, "खोटं लिहिलंय का तुम्ही काही?"

"नाही."

"मग जेवत का नाही?"

१४ जून, बुधवार

नवे कंगोरेवाले खिळे मागवले. मालकांनीच सांगितलं, कारण न विचारता. म्हणजे त्यांनाही कळलंय. आम्ही दोघं त्याबद्दल बोलत नाही. मला पंखा नवा मिळाला.

हे मी का लिहितो? इथे कबुली दिली की ऑफिसात द्यावी लागत नाही, म्हणून तर नव्हे? तसं असेल तर वही बंद केलेली बरी.

१८ जून, रविवार

शिवाप्पा घरी आला होता. प्रथमच. पायऱ्यांवरच बसला. सौ.नं चहा दिला. तिला म्हणाला, "वैनी, साखर जास्ती झाली, पन ऱ्हाऊ द्या."

स्टेशनकडे दुसरा खोकीवाला आहे. तिथं अजून हातोडाच चालतो. घ्यायला तयार आहेत, पण जुन्या कारखान्याचा दाखला मागतात.

"लई काय लिवू नगा, सायेब. तीस वर्सं काम केलं, येवडंच. त्ये तर खरं हाय न्हवं?"

"उद्या देतो," म्हणालो. "सकाळी या."

"मालक?"

"मी देतो म्हटलं ना."

तो गेल्यावर ऑफिसच्या बॅगेतून कोरा छापील दाखला काढला. नाव, गाव, कामाचा प्रकार, वर्षं: हे भरलं. सहीची जागा माझी आहे. खाली एक रकाना: काम सोडण्याचे कारण. तो रिकामा ठेवता येत नाही, तिकडचे लोक घेणार नाहीत. खरं कारण लिहिलं तर अहवाल माझा, दाखलाही माझा, आणि दोन्ही एकाच अक्षरात. मालकांना कळायला दोन दिवस पुरेत. अहवालातलंच कारण लिहिलं तर शिवाप्पाला वाचता येत नाही. तो दाखला कपाळाला लावून घेऊन जाईल.

"स्वेच्छेने" असंही लिहितात लोक. त्यात कुणाचंच काही बिघडत नाही. म्हणूनच भीती वाटते, की मी तेच लिहीन.

उद्या: शिवाप्पा यायच्या आत कारणाचा रकाना भरणे.